सूचनाफलकावरील 'सुवासिनी' हा शब्द

शमी_ठाणे (शुक्रवार, सकाळी 10.40)

आमच्या गृहसंकुलात 84 सदनिका आहेत. संक्रांत ते रथसप्तमी या दिवसांतला एखादा रविवार धरून महिला मंडळ दरवर्षी हळदीकुंकू करते. यंदा फलकावरची सूचना लिहिण्याचे काम माझ्याकडे आले. मागच्या वर्षीचा कागद समोर ठेवून मी मजकूर उतरवून काढत होते. 'सर्व सुवासिनींनी अगत्य येण्याचे करावे' या ओळीशी माझा हात थांबला, कारण त्याच टेबलाच्या पलीकडे आई मटार सोलत बसली होती.

वडिलांना जाऊन दोन वर्षे झाली. तेव्हापासून आई साताऱ्याचे घर बंद करून माझ्याकडे राहते. गेल्या वर्षीच्या हळदीकुंकवाचे निम्मे तिळाचे लाडू तिनेच वळले होते, कारण पाक कुठे उतरवायचा हे तिच्याइतके आमच्यापैकी कोणालाच नेमके कळत नाही. संध्याकाळी पाच वाजता तिने लाडवांचा डबा माझ्या हाती दिला आणि 'मी जरा पोथी वाचत बसते' असे सांगून ती आत गेली. तिला येऊ नकोस असे कोणी म्हटले नव्हते. ये असेही कोणी म्हटले नव्हते, आणि त्यात मीही आले.

मंडळात मी हा विषय काढला तेव्हा कोणी विरोध केला नाही. एका ज्येष्ठ काकूंनी मात्र रास्त शंका काढली की, शब्द बदलला तरी ज्यांना कुंकू लावून घ्यायचे नसेल त्यांची चारचौघींत पंचाईत होईल, त्याचे काय करायचे? ज्यांनी आपल्याकडे असा बदल केला असेल, किंवा करायला जाऊन फसला असेल, त्यांनी कृपया लिहावे. सूचना सोमवारी लावायची आहे आणि कार्यक्रम त्यापुढच्या रविवारी आहे.

गोदाकाठ (शुक्रवार, सकाळी 11.05)

'सर्व महिलांनी' असे लिहा आणि मोकळ्या व्हा. आमच्या नाशिकच्या मंडळात चार वर्षांपूर्वी हाच बदल केला. कोणाच्या लक्षातही आला नाही.

दत्तात्रय_कऱ्हाड (शुक्रवार, दुपारी 12.20)

कोणाच्या लक्षात आला नाही, म्हणजे बदल झाला असे समजायचे की झाला नाही असे, गोदाकाठताई?

मी 74 वर्षांचा आहे आणि माझे मत येथे अनेकांना रुचणार नाही याची मला कल्पना आहे. हळदीकुंकू हा सौभाग्याशी बांधलेला कुळाचार आहे. स्त्रियांनी एकत्र यावे, तिळगूळ वाटावा, गाणी म्हणावीत, यात कोणालाही वगळू नये हे मला पूर्ण मान्य आहे. पण त्यासाठी स्नेहमेळावा म्हणून वेगळा कार्यक्रम करता येतो. आशय काढून टाकायचा आणि नाव तेवढे ठेवायचे, यातून जुनेही राहत नाही आणि नवेही उभे राहत नाही.

मला जुन्याचे प्रेम आहे म्हणून मी हे लिहीत नाही. माझी आत्या बालविधवा होती. लाल आलवण, केशवपन, एकवेळ जेवण, हे सगळे मी लहानपणी आमच्याच माजघरात पाहिले आहे. धोंडो केशव कर्व्यांनी 1893 मध्ये गोदूबाईंशी पुनर्विवाह केला म्हणून मुरूडकरांनी त्यांच्यावर बहिष्कार टाकला; त्या गृहस्थाने पुढे 1896 मध्ये विधवांसाठी आश्रम काढला आणि त्यांना शिकवून स्वतःच्या पायावर उभे केले. स्थिती पालटली ती शिक्षणाने आणि मिळकतीने. फलकावरचा शब्द खोडून काय साधणार, हे मला खरोखर समजून घ्यायचे आहे.

अमरकोश (शुक्रवार, दुपारी 1.45)

शब्दाचाच प्रश्न निघाला आहे तर थोडे शब्दाविषयी. संस्कृतात 'सुवासिनी' (याचेच दुसरे रूप 'स्ववासिनी') म्हणजे मुळात पित्याच्या घरी राहणारी स्त्री, मग ती विवाहित असो वा अविवाहित. जिचा पती हयात आहे ती, हा आज रूढ असलेला अर्थही कोशांत दिलेला आहे, पण तो एकमेव नाही. मनुस्मृतीच्या तिसऱ्या अध्यायात 'सुवासिनीः कुमारीश्च रोगिणो गर्भिणीः स्त्रियः' यांना अतिथींच्याही आधी, कसलाही विचार न करता जेवू घालावे, असे सांगितले आहे. तेथे टीकाकार सुवासिनी म्हणजे नवविवाहित लेकीसुना असा अर्थ घेतात.

तेव्हा शमीताई, तुमच्या मातोश्री लेकीच्या घरी राहतात आणि कोशातली सुवासिनी बापाच्या. व्युत्पत्ती थोडी ताणली तर त्यांना त्या शब्दातही बसवता येईल. मात्र वाचणारीला फलकावर मराठी शब्द दिसतो, कोश दिसत नाही, त्यामुळे हा युक्तिवाद मंडळाच्या बैठकीत करू नये.

टवाळ (शुक्रवार, दुपारी 2.10)

आपण सारे मूळ मुद्द्यापासून भरकटत आहोत. वाण काय आहे?

आमच्या घरी वाण म्हणून आलेल्या चहाच्या गाळण्या मी काल मोजल्या. चौदा आहेत. आम्ही दोघे आहोत आणि त्यातला एक कॉफी पितो.

रानजाई (शुक्रवार, रात्री 9.30)

माझे माहेर शिरोळ तालुक्यात आहे, त्यामुळे हेरवाडविषयी लिहिणे मला भाग आहे. मे 2022 मध्ये हेरवाडच्या ग्रामपंचायतीने ठराव केला की, पतीच्या निधनानंतर पत्नीचे कुंकू पुसणे, मंगळसूत्र तोडणे, बांगड्या फोडणे, जोडवी काढणे हे गावात बंद व्हावे. करमाळ्याच्या एका कार्यकर्त्याने, सहकाऱ्याच्या अंत्यविधीत त्याच्या पत्नीचे हाल पाहून, या विषयाचा पाठपुरावा सुरू केला होता. त्याच महिन्यात राज्याच्या ग्रामविकास विभागाने परिपत्रक काढून इतर ग्रामपंचायतींनीही हेरवाडचा कित्ता गिरवावा असे कळवले.

ठराव झाला तेव्हा आम्हाला अभिमान वाटला, तो आजही वाटतो. पण पुढचे मी डोळ्यांनी पाहिलेले सांगते. आमच्या गावातही (ते हेरवाड नव्हे) असा ठराव झाला. त्यानंतर माझे चुलते वारले. बांगड्या फोडायला म्हणून दगड घेऊन कोणी पुढे आले नाही, हे खरे. दहाव्या दिवशी काकूने स्वतःच हातातल्या हिरव्या बांगड्या एकेक करून उतरवल्या आणि रुमालात बांधून सुनेकडे दिल्या. 'अगं, ठराव झाला आहे ना?' असे मी म्हणाले, तर तिचे उत्तर होते, 'ठराव त्यांनी केला. बाजारात मला जायचे आहे.'

दत्तात्रयकाका, तुमचे म्हणणे मी टाकून देत नाही. पण ही काकू जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका होती आणि तिला निवृत्तिवेतन मिळते. शिक्षण आणि मिळकत दोन्ही असूनही बाजारातली नजर तिला पेलवली नाही, मग ती नजर बदलण्याचे काम कोणी करायचे?

विदर्भकन्या (शनिवार, सकाळी 7.50)

यवतमाळ जिल्ह्यात आम्ही ही नजर बदलताना पाहिली आहे, निदान थोडीशी. जानेवारी 2019 मध्ये यवतमाळला अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन झाले आणि त्याचे उद्घाटन शेतकरी आत्महत्येनंतर एकटीने संसार ओढणाऱ्या एका तरुण स्त्रीने केले. आधी ठरलेल्या उद्घाटकांचे निमंत्रण मागे घेण्यावरून जो वाद झाला, त्यातून ही संधी आली हेही खरे आहे. तरी आमच्या बचत गटातल्या बायकांनी ते भाषण भ्रमणध्वनीवर पुन्हा पुन्हा ऐकले. व्यासपीठावर पहिली बसलेली बाई आपल्यातली आहे, एवढेच त्यांना पुरेसे होते.

आमच्या गटात एकोणीस जणी आहेत आणि त्यातल्या सहा जणींना नवरा नाही. वाण लुटताना कोण कोण आहे हे आम्ही पाहत नाही, कारण बँकेच्या कर्जाचा हप्ता भरताना कोणी ते पाहत नाही.

निळाई (शनिवार, सकाळी 10.15)

विदर्भकन्याताई, शेवटचे वाक्य फार आवडले.

माझी अडचण वेगळी आहे. आमच्या घरी हळदीकुंकू कधीच नव्हते. माझ्या आजीने 1956 नंतर घरातल्या इतर गोष्टींबरोबर तेही सोडले. आम्ही 3 जानेवारीला सावित्रीबाईंच्या जयंतीला एकत्र जमतो. तेथे कपाळाकडे कोणी पाहत नाही, त्यामुळे 'कोणाला बोलवायचे' हा प्रश्नच उभा राहत नाही. आता मी पुण्यात ज्या संकुलात राहते तेथे मला दरवर्षी अगत्याने बोलावणे येते, कारण मी 'सौ.' आहे. म्हणजे ज्या विधीवर माझी श्रद्धा नाही त्यात मला प्रवेश आहे, आणि ज्या शेजारीणबाईंची आयुष्यभर श्रद्धा होती त्या दार लावून घरात बसतात. यातला विनोद दत्तात्रयकाकांनाही मान्य व्हावा.

त्यांनी सुचवलेल्या स्नेहमेळाव्याला माझी हरकत नाही. पण वेगळा मेळावा काढला की हळदीकुंकू आहे तसेच राहते आणि ज्यांना वगळायचे त्यांच्यासाठी दुसरी पंगत मांडली जाते. दुसऱ्या पंगतीचा आमचा अनुभव जुना आहे.

दत्तात्रय_कऱ्हाड (शनिवार, सकाळी 11.40)

निळाईताई, पंगतीचा मुद्दा लागला. तो मला आधी सुचला नाही, हेही नमूद करतो.

तरीही विधीविषयीचे माझे मत कायम आहे. मात्र रानजाईताईंच्या काकूंच्या उत्तरावर रात्रभर विचार करूनही मला प्रत्युत्तर सुचलेले नाही.

अमरकोश (शनिवार, दुपारी 12.30)

शब्दांचा हा खेळ शासनानेही करून पाहिला आहे. एप्रिल 2023 मध्ये तत्कालीन महिला व बालविकास मंत्र्यांनी 'विधवा' या शब्दाऐवजी 'गंगाभागीरथी' म्हणजे गं. भा. वापरावा का, यावर चर्चा करण्याचे पत्र विभागाला दिले आणि चहूकडून टीका झाली. पूर्वीच्या लग्नपत्रिकांत गं. भा. सर्रास असे, सौ., गं. भा., श्रीमती, चि. सौ. कां. या उपाध्यांवरून पत्रिका वाचणाऱ्याला प्रत्येक बाईची वैवाहिक स्थिती कळे. पुरुष मात्र लग्नाआधी, लग्नानंतर आणि विधुर झाल्यावरही श्री. तो श्री.च. कार्यकर्ते आज 'एकल महिला' असा शब्द वापरतात. त्यात विधवा, परित्यक्ता, घटस्फोटित आणि अविवाहित अशा सगळ्या येतात.

सातासमुद्र (शनिवार, दुपारी 4.00)

न्यू जर्सीत आमच्याकडे हा प्रश्न फार वेगळ्या कारणाने सुटला. जानेवारीतल्या थंडीत शाळेचे सभागृह भाड्याने घेऊन कार्यक्रम करायचा, तर पुरेशी माणसे जमणे महत्त्वाचे. त्यामुळे पंजाबी, तेलुगू, गुजराती मैत्रिणी, कोणाच्या सासूबाई, कोणाची अमेरिकन सून, अशा सगळ्याच येतात. तेलुगू मैत्रीण हळद पायाला लावते, आम्ही कपाळाला. दहा वर्षांत त्यावरून एकदाही वाद झालेला नाही. भारतातून आलेल्या सासूबाई पहिल्या वर्षी दाराशी घुटमळतात आणि दुसऱ्या वर्षी फुगड्या घालतात. येथे ओळखीचे कोणी पाहत नाही, हे त्याचे मुख्य कारण असावे असे मला वाटते.

स्वयंसिद्धा (शनिवार, रात्री 11.20)

मी येथे फारशी लिहीत नाही. आज लिहिते, कारण ज्यांच्याविषयी हा धागा आहे त्यांपैकी कोणी अजून लिहिलेले नाही.

माझे वय 41 आहे. माझे पती 2021 च्या एप्रिलमध्ये कोविडने गेले. मी एका कार्यालयात लेखा विभागात काम करते. टिकली लावते, बांगड्या घालते, रंगीत कपडे वापरते आणि त्यावरून मला आजवर तोंडावर कोणी काही बोललेले नाही. 2011 च्या जनगणनेत देशातल्या विधवांची संख्या चार कोटींहून अधिक होती. तेव्हा मी काही जगावेगळी नाही, असे स्वतःला सांगत असते.

आमच्या इमारतीतही 'सर्व महिलांनी' अशी सूचना लागते, म्हणून मी पहिल्या वर्षी गेले. सगळ्या जणी गोलाकार खुर्च्यांवर बसल्या होत्या. एक जण कोयरी घेऊन हळदीकुंकू लावत पुढे सरकत होती, तिच्या मागे अत्तर, त्यामागे गुलाबपाणी, मग वाण. माझ्या शेजारणीला लावून झाले आणि कोयरी माझ्यासमोर आली. तिचे बोट कुंकवात बुडालेले होते आणि ते तेथेच थबकले. दोन क्षण असतील. मग तिने अगदी मायेने, पण सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात विचारले, 'तुम्हाला चालेल ना?' खोलीतले बोलणे थांबले. मी 'हो' म्हणाले. कुंकू लावून घेतले, वाण घेतले, घरी आले आणि चेहरा धुतला. पुढच्या वर्षी मी गेले नाही.

त्या बाईंचा मला राग नाही, त्यांना बिचाऱ्यांना काय करावे हे सुचले नाही. पण शमीताई, तुमच्या मंडळातल्या ज्येष्ठ काकूंनी नेमकी हीच शंका काढली आहे, म्हणून तीवर दोन गोष्टी सुचवते. कोयरी फिरवू नका, ती टेबलावर ठेवा. जिला लावायचे ती स्वतः लावील किंवा मैत्रिणीकडून लावून घेईल, जिला नको ती पुढे जाईल, आणि कोणाच्याही कपाळापुढे बोट थबकणार नाही. दुसरे असे की, फलकावर काहीही लिहिले तरी त्याला आमंत्रण समजू नका. आमच्या लहानपणी आमंत्रणाला दोघी जणी दारोदार जात आणि उंबऱ्याशी कुंकू लावून 'या बरं का' म्हणत. अजूनही सौभाग्यवतींच्या दारावर बेल वाजते, आमच्यासाठी फलक असतो. तुमच्या आईला मंडळातली दुसरी कोणीतरी जाऊन बोलावू दे. लेकीने बोलावले तर तो लेकीचा चांगुलपणा ठरतो.

गोदाकाठ (रविवार, सकाळी 8.15)

मी वर 'मोकळ्या व्हा' असे लिहिले होते. ते मागे घेते. आमच्या मंडळात चार वर्षांत अशा किती जणी आल्या हे आठवून पाहिले, तर एकही नाव आठवले नाही.

टवाळ (रविवार, सकाळी 9.00)

स्वयंसिद्धाताई, आज विनोद करत नाही. पुरुषांसाठीही काही काम सांगा. आमच्या इमारतीत कॉफी करण्याची जबाबदारी मी घेऊ शकतो, म्हणजे निदान सगळ्या जणी बाहेर बसतील.

दत्तात्रय_कऱ्हाड (रविवार, सकाळी 10.30)

कोयरी टेबलावर ठेवण्याविषयी एक व्यावहारिक सूचना करतो. लावून घेण्यात जो आपलेपणा आहे तो स्वतः लावण्यात नाही, त्यामुळे टेबलापाशी कोणीतरी असावी आणि जी पुढे येईल तिला लावावे. ती कोणीतरी कोण असावी, यावर माझा कसलाही आग्रह नाही.

शमी_ठाणे (पुढील सोमवार, रात्री 10.05)

सर्वांचे आभार. काय झाले ते जसेच्या तसे लिहिते.

फलकावर 'संकुलातील सर्व महिलांनी यावे' एवढेच लिहिले. शिवाय आम्ही चौघींनी जोड्या करून सर्व 84 दारांवर जाऊन आमंत्रण दिले. दोन संध्याकाळी त्यात गेल्या आणि उद्वाहन एक दिवस बंद असल्याने गुडघ्यांची परीक्षा झाली. ज्येष्ठ काकू आमच्या दाराशी आल्या तेव्हा मी मुद्दाम स्वयंपाकघरात थांबले. त्यांचे आणि आईचे बोलणे दहा मिनिटे चालले होते. त्यात आमंत्रण एका वाक्याचे असावे, बाकी सगळे पाकाविषयी होते.

एकटीने राहणाऱ्या नऊ जणींपैकी पाच जणी आल्या. एकीने दारावरच स्पष्ट सांगितले की तिला असले काही पटत नाही आणि आम्ही तिच्यावर उपकार करायला आलो आहोत असे तिला वाटते. मी त्यावर काही बोलू शकले नाही.

कोयरी टेबलावर ठेवली, तर पहिली पंधरा मिनिटे सगळा गोंधळ होता. रांग लागली, कोणीतरी बँकेत आल्यासारखे वाटते म्हणाले आणि खुर्च्या रिकाम्याच राहिल्या. मग टेबलाशी उभी असलेली काकूंची नात, वय वर्षे अकरा, तिने काम हाती घेतले. जी येईल तिच्या कपाळाला ती अंगठ्याएवढे कुंकू फासत होती आणि कोण सौ. आणि कोण श्रीमती याचा तिला पत्ता नव्हता. दोघी-तिघी तिला हसून नको म्हणाल्या आणि पुढे गेल्या. दत्तात्रयकाका, ती 'कोणीतरी' अशी सापडली.

आई आली. साडेपाचला आली, जरीच्या काठाची फिकट निळी साडी नेसून. कुंकू तिने लावून घेतले नाही. त्या मुलीने अत्तरदाणी तिच्या हातात दिली, तर ती घेऊन शेवटपर्यंत सगळ्यांच्या मनगटांना अत्तर लावत राहिली. घरी आल्यावर मी विचारले, पुढच्या वर्षी येशील का? 'पुढच्या वर्षीचे पुढच्या वर्षी,' असे म्हणून ती झोपायला गेली.

एक चूक मात्र झाली. दरवर्षीच्या अंदाजाने 60 वाणे आणली होती आणि 71 जणी आल्या. अकरा जणींना नुसत्या तिळगुळावर परत पाठवावे लागले, आणि त्यात काकूही होत्या, त्यामुळे तो विषय आमच्या मंडळात वर्षभर निघणार आहे.

टवाळ (पुढील सोमवार, रात्री 10.12)

वाण काय होते?

शमी_ठाणे (पुढील सोमवार, रात्री 10.14)

चहाची गाळणी.

टवाळ (पुढील सोमवार, रात्री 10.15)

पत्ता खासगी संदेशातून कळवा. रथसप्तमीच्या आत अकरा पोहोचवतो. तीन आम्हाला ठेवतो.